खरेदीखतात न लिहिलेला हक्क

गेल्या वैशाखात, भर दुपारी, वाडीकडून अमरावती रस्त्याने शहरात परतत असताना आमच्या मोटारीच्या डॅशबोर्डवर बॅटरीच्या आकृतीचा तांबडा दिवा लागला आणि तो विझेना. गाडी नेहमीप्रमाणे धावत होती, एसी थंड वारा देत होता, आणि या दिव्याचा अर्थ ज्याला कोणी कधी सांगितलेला नाही अशा गृहस्थाने त्याची दखल न घेता पुढचा पल्ला गाठायचे ठरवले असते तर त्याला दोष देता आला नसता; परंतु त्या दिव्याचे म्हणणे असे असते की, इंजिनाच्या बळावर फिरून वीज निर्माण करणारे आणि बॅटरीने दिलेली उचल तिला परत करणारे जे यंत्र, ज्याला कारखानदार ऑल्टरनेटर म्हणतात आणि आमच्या नागपुरातले मिस्त्री आजही डायनामोच म्हणतात, त्याने आपले काम थांबवले आहे, यापुढे गाडी केवळ बॅटरीतल्या शिलकेवर चालली आहे, आणि ती शिल्लक सरली की गाडी जिथे असेल तिथे उभी राहील. मी एसी बंद केला, काचा खाली केल्या आणि तापलेला वारा तोंडावर घेत रविनगरच्या चौकातून घर गाठले.

दुसऱ्या दिवशी गाडीच्या कंपनीच्या अधिकृत कार्यशाळेत चौकशीला गेलो. तेथील तरुणाने अत्यंत सौजन्याने माझे म्हणणे ऐकून घेतले आणि संगणकात पाहून सांगितले की पूर्ण युनिट बदलावे लागेल, ते बाहेरून मागवावे लागेल, आणि त्याला आठवडा लागेल. आतले कार्बन झिजले असतील तर तेवढेच बदलता येणार नाहीत काय, असे मी विचारले. ‘‘साहेब, सुटा भाग आमच्याकडे येतच नाही. पूर्ण युनिटच येतं,’’ असे तो म्हणाला, आणि त्याच्या परीने ते सत्यच होते. यंत्र उघडून पाहण्याचा प्रश्नच तेथे उद्भवत नव्हता, कारण ते उघडावे अशी व्यवस्थाच कोणी केलेली नव्हती.

तेथून परतताना माझ्या मनात जो विचार आला तो खर्चाचा नव्हता. खरेदीची पावती माझ्या नावाची, परिवहन कार्यालयातील नोंद माझ्या नावाची, रस्त्याचा कर मी भरलेला, विम्याचा हप्ता मी भरतो. आणि इतके असूनही पेन्सिलीच्या तुकड्याएवढ्या दोन कार्बनच्या कांड्या मला कोणी विकत देणार नसेल, तर या वस्तूवर माझा जो काही अधिकार आहे त्याला मालकी म्हणावे काय? आमच्या जुन्या मध्यप्रांताच्या महसुली दप्तरात ‘मालिक-मकबुजा’ असा एक अर्थपूर्ण शब्द होता. गावाचा मालगुजार निराळा असे. परंतु त्याच गावात आपल्या जमिनीच्या तुकड्यावर ज्याचा पूर्ण हक्क बंदोबस्ताच्या वेळी मान्य झालेला असे, त्याची नोंद मालिक-मकबुजा म्हणून होई, आणि आपला तुकडा विकायचा वा गहाण टाकायचा तर त्याला मालगुजाराच्या संमतीची अपेक्षा नसे. मामुली कुळाची अवस्था वेगळी. जमीन तोही कसत असे, सारा तोही भरत असे, पण त्याच्या वहिवाटीला दुसऱ्याच्या मर्जीची मर्यादा होती. १९५१ साली मालगुजारी गेली आणि तो भेद इतिहासजमा झाला. मोटारीच्या, भ्रमणध्वनीच्या आणि धुलाईयंत्राच्या बाबतीत मात्र तो भेद नव्या रूपाने आपल्या घरात येऊन बसला आहे, आणि पूर्ण मोल मोजून घेतलेल्या वस्तूचे आपण मामुली कूळ होत चाललो आहोत, याची मला मनापासून चिंता वाटते. म्हणून मी ठरवले की हा ऑल्टरनेटर आपल्या अंगणात, आपल्या हाताने उतरवायचा, उघडून पाहण्याजोगा जो माणूस असेल त्याच्याकडे न्यायचा, आणि पुन्हा आपल्याच हाताने बसवायचा.

त्या यंत्राची ओळख येथे करून देणे अवश्य आहे, कारण जे यंत्र कळत नाही त्याच्याविषयी हक्काची भाषा पोकळ ठरते. तारेच्या वेटोळ्याजवळ चुंबक हलवला की तारेत विद्युतप्रवाह उत्पन्न होतो, हे १८३१ साली मायकेल फॅरडे यांनी सिद्ध केले. मोटारीतला ऑल्टरनेटर त्याच तत्त्वावर चालतो. आतला फिरता भाग हा विद्युतचुंबक असतो. त्याच्या भोवती तांब्याच्या तारेचे तीन पदरी वाइंडिंग स्थिर बसवलेले असते. फिरत्या भागाला थोडासा प्रवाह द्यावा लागतो, तो स्लिप रिंग नावाच्या दोन गुळगुळीत कड्यांवर घासत राहणाऱ्या दोन कार्बनमधून जातो. वाइंडिंगमध्ये उत्पन्न होणारी वीज दिशा बदलत राहणारी, म्हणजे प्रत्यावर्ती असते, आणि बॅटरीला तर एकाच दिशेचा प्रवाह हवा. म्हणून डायोडची एक प्लेट तिला एकदिश करते, आणि रेग्युलेटर, ज्याला मिस्त्री आयसी म्हणतात, विजेचा दाब चौदा व्होल्टच्या आसपास आवरून धरतो. जुन्या डायनामोत वीज फिरत्या भागात उत्पन्न होई, सगळा भार कार्बनवर पडे, आणि इंजिन मंद चालत असले की बॅटरीच्या वाट्याला फारसे काही येत नसे. सिलिकॉनचे डायोड स्वस्त झाल्यावर, १९६०च्या सुमारास अमेरिकेत क्रायस्लर कंपनीने सर्वसामान्य मोटारीत ऑल्टरनेटर आणला आणि हळूहळू तो सर्वत्र झाला. आपल्याकडच्या फियाट व अँबॅसडर गाड्यांत पुष्कळ काळ डायनामो आणि त्याच्या सोबतीला कटआऊटची डबी असे. यंत्र बदलले, पण ‘सेल्फ-डायनामो’ ही दुकानांवरची पाटी बदलली नाही, आणि ती बदलावी असे मला वाटतही नाही.

नागपूरच्या उन्हाळ्याचा आणि या यंत्राचा संबंध निकटचा आहे. २३ मे २०१३ रोजी या शहराने ४७.९ अंश सेल्सिअस तापमान पाहिले. बाहेर इतका ताप असताना बॉनेटखाली इंजिनाच्या अंगाला चिकटून बसलेल्या यंत्राची काय स्थिती होत असेल, याची कल्पना करावी. तांबे तापले की त्याचा रोध वाढतो आणि मिळणारी वीज घटते. डायोड आणि आयसी यांना उष्णतेसारखा शत्रू नाही. त्यात सीताबर्डीच्या गर्दीत गाडी रांगत असली म्हणजे इंजिन मंद फिरते, ऑल्टरनेटरच्या अंगचा पंखाही मंद फिरतो, आणि नेमक्या त्याच वेळी एसीचा पंखा व रेडिएटरचा पंखा पूर्ण वेगाने वीज मागत असतात. उन्हाळ्यात बॅटरीही लवकर जाते, आणि मरणपंथाला लागलेली बॅटरी ऑल्टरनेटरला क्षणभर विश्रांती देत नाही. अशा रीतीने एकाचा दोष दुसऱ्याच्या अंगावर येतो. म्हणूनच कोणताही भाग बदलण्यापूर्वी परीक्षा करणे हा पहिला धर्म होय.

ही परीक्षा सोपी आहे, आणि मोटार बाळगणाऱ्या प्रत्येक घरात ती करता आली पाहिजे. साधा मल्टिमीटर बॅटरीच्या दोन्ही टर्मिनलांना लावावा. रात्रभर उभ्या असलेल्या गाडीची भरलेली बॅटरी १२.६ व्होल्टच्या आसपास दाखवते. इंजिन सुरू केल्यावर हाच आकडा साधारणतः १३.८ ते १४.५ पर्यंत चढला पाहिजे. आमच्या गाडीत तो बंद इंजिनावर १२.१ होता, इंजिन सुरू केल्यावर ११.९ झाला, आणि पाहता पाहता आणखी उतरू लागला. पट्टा जागेवर आणि ताठ होता, फ्यूज शाबूत होता, तारांची टोके घट्ट होती. तेव्हा दोष यंत्रातच, हे निश्चित झाले. इंजिन चालू असताना बॅटरीची तार काढून पाहायची, गाडी बंद पडली तर डायनामो गेला असे समजायचे, ही जुनी परीक्षा आजही कोणी कोणी सांगतात. आजच्या गाडीत ती कदापि करू नये. तार सुटताच विजेचा दाब एकाएकी उसळतो आणि डायोडांबरोबर गाडीतील संगणकाचाही बळी जाऊ शकतो.

आमच्या भागात एक मिस्त्री आहेत. सेल्फ आणि डायनामो यांतच त्यांचे आयुष्य गेले. मी स्वतः यंत्र उतरवून आणणार म्हटल्यावर त्यांनी मला परावृत्त केले नाही, परंतु एक गोष्ट दोनदा सांगितली : ‘‘काका, पयले बॅटरीचा मायनस काढून घ्या, मंग पान्याले हात लावा.’’ या सूचनेमागचे कारण प्रत्येकाने समजून घ्यावे. ऑल्टरनेटरच्या पाठीवर जी जाड तार येते ती थेट बॅटरीच्या प्लसपासून आलेली असते. चावी काढून घेतली तरी तीत वीज असतेच. तिची चाकी सोडवताना पान्याचे दुसरे टोक इंजिनाच्या धातूला लागले, तर बॅटरीचा सगळा प्रवाह त्या पान्यातून जातो, ठिणग्या उडतात आणि हात भाजतो. मायनस आधी काढला म्हणजे ती वाटच बंद होते. परत जोडताना क्रम उलटा; मायनस सर्वांत शेवटी.

ऊन चढण्यापूर्वी, पहाटे सहाला कामास आरंभ केला. गोटीपान्यांचा संच, रिंगपाने, एक लांब दांडी, गंजलेल्या बोल्टांवर सोडायचे तेल आणि एक जुने धोतर, एवढाच सरंजाम होता. पट्टा काढण्यापूर्वी तो कोणत्या पुलीवरून, कोणत्या बाजूने, कसा फिरला आहे याचे चित्र कागदावर काढून ठेवले, कारण आजकालच्या गाड्यांत एकच लांब, दातेरी अंगाचा पट्टा चार-पाच पुल्यांना वळसे घालत जातो, आणि एकदा निसटला की त्याचा मार्ग आठवत नाही. ताण देणारी पुली दांडीने एका बाजूस दाबून पट्टा सैल केला आणि ऑल्टरनेटरवरून उतरवला. मग पाठीवरची जाड तार आणि खटक्याचा प्लग सोडवला. उन्हाने प्लास्टिक ठिसूळ झालेले असते, त्यामुळे तो खटका ओढून तोडण्याऐवजी धीराने दाबून काढावा लागतो. वरचा बोल्ट सहज निघाला. खालचा लांब बोल्ट मात्र वर्षानुवर्षांच्या धुळीने आणि गंजाने असा धरला होता की तेल सोडून अर्धा तास थांबावे लागले. बोल्ट निघाल्यावरही यंत्र जागचे हलेना, कारण ज्या दोन कानांमध्ये ते पकडलेले असते त्यांतील लोखंडी बुश घट्ट आवळून बसलेले असते. येथे हातोडीचा मोह आवरून, दांडीने दोन्ही बाजूंनी आलटून पालटून हळूहळू उचकटावे लागते. ऑल्टरनेटरचे कवच ॲल्युमिनियमचे असते, त्याचा कान मोडला तर सगळे संपले. अखेरीस पाच-सहा किलोंचे ते ओझे हातात आले तेव्हा साडेआठ वाजले होते. पुली हाताने फिरवून पाहिली; मागच्या बाजूने वाळू दळल्यासारखा खरखर आवाज आला, आणि बेअरिंगचेही आयुष्य संपले असल्याचे मिस्त्रींकडे जाण्यापूर्वीच कळले.

त्यांनी ते माझ्यासमोर उघडले. दोन्ही कार्बन झिजून नखाएवढे उरले होते आणि स्लिप रिंगपर्यंत पोहोचतच नव्हते. मागचे बेअरिंग कोरडे पडले होते. वाइंडिंग मात्र निर्दोष होते, डायोड एकेक करून तपासले तर सहाही चांगले निघाले. म्हणजे ज्या यंत्राला निकामी ठरवून भंगारात पाठवायचे होते, त्याचा तांब्याचा, लोखंडाचा आणि ॲल्युमिनियमचा सगळा देह अजून सेवेस पात्र होता. नवे कार्बन, नवे बेअरिंग, स्लिप रिंगला घासकाम, आणि मिस्त्रींच्या आग्रहावरून नवा आयसी, एवढ्यावर ते दुपारपर्यंत सिद्ध झाले. सगळा खर्च नव्या युनिटच्या किमतीच्या पाचव्या हिश्शापेक्षाही कमी आला. हे भाग त्यांनी कोठून आणले? बाजारातून, पण ते आपल्या गाडीचे म्हणून मिळत नाहीत, मापावरून आणि अनुभवावरून जुळवावे लागतात. ही जुळवाजुळव म्हणजे एक शास्त्र आहे, आणि ते कोणत्याही पुस्तकात लिहिलेले नसून अशा पाच-पन्नास वृद्ध माणसांच्या हातांत साठलेले आहे.

संध्याकाळी बसवणे तुलनेने लवकर झाले. बोल्ट आधी हातानेच दोन-चार आटे फिरवून मगच पाना लावला, पट्ट्याचा प्रत्येक दात पुलीच्या खाचेत नीट बसल्याचे बोट फिरवून पाहिले, आणि उतरलेली बॅटरी आधी चार्जरवर भरून घेतली, कारण रिकामी बॅटरी भरण्याचा सगळा भार ताज्या दुरुस्त यंत्रावर टाकणे योग्य नाही. इंजिन सुरू करताच तांबडा दिवा विझला, मीटरने १४.२ दाखवले, आणि दिवे, एसी व मागच्या काचेचे तापकयंत्र सगळे एकदम सुरू केल्यावरही १३.७ च्या खाली आकडा गेला नाही.

कोणी म्हणेल, आपण स्वतः पाना हाती घेतला तर मिस्त्रींच्या पोटावर पाय येतो. माझा अनुभव याच्या नेमका विरुद्ध आहे. त्या दिवशी मी त्यांच्याकडे नेले ते काम त्यांच्या विद्येचे होते. बोल्ट सोडवण्याची हमाली तेवढी माझी होती. शिवाय ज्याने खालच्या बोल्टाशी अर्धा तास झुंज घेतली आहे, तो मजुरीसाठी घासाघीस करणार नाही. मिस्त्रींच्या पोटावर पाय येतो तो सुटे भाग बंद झाल्याने, पूर्ण युनिटाशिवाय काही न विकण्याच्या प्रथेने, आणि गाडीच्या संगणकाशी बोलणारी उपकरणे केवळ अधिकृत कार्यशाळांपुरती राखून ठेवल्याने.

हाताच्या कामाला ज्ञानाची प्रतिष्ठा द्यावी, हा विचार विदर्भाला परका नाही. येथून सुमारे ७५ किलोमीटरवर, वर्ध्यास, ऑक्टोबर १९३७ मध्ये गांधीजींच्या अध्यक्षतेखाली शिक्षण परिषद भरली आणि मुलाचे शिक्षण एखाद्या हस्तव्यवसायाच्या द्वारे व्हावे या नयी तालीमच्या योजनेला तेथे रूप आले, डॉ. झाकिर हुसेन यांच्या समितीने तिचा आराखडा केला. याच नागपूरच्या धरमपेठेतून ‘उद्यम’ नावाचे मासिक निघत असे आणि मध्यमवर्गीय मराठी घरांना लहानसहान उद्योगांची, शेतीची व घरगुती कारागिरीची कृती समजावून सांगत असे. विश्वेश्वरय्यांच्या नावाने ओळखले जाणारे अभियांत्रिकीचे मोठे विद्यालय १९६० पासून या शहरात आहे, आणि त्याच्यानंतर निघालेल्या महाविद्यालयांची तर गणतीच नाही. अशा शहरात अभियंत्यांच्या घरी एक रिंगपाना सापडू नये, आणि मुलाने बॉनेट उघडले तर ‘‘हात काळे करू नकोस’’ असे त्याला सांगितले जावे, याचे मला दुःख होते. नयी तालीम टकळी आणि चरख्यापाशी थांबली असे आपण समजलो, ही आपली चूक. आजच्या मुलाच्या घरासमोर जी वस्तू उभी आहे तिच्यातूनच विद्युतचुंबकत्व, धातूंचे गुणधर्म, घर्षण आणि गणित शिकवता येते.

कायद्याच्या बाजूने पाहिले तर आपण अगदीच निराधार नाही. सुटे भाग आणि दुरुस्तीची उपकरणे खुल्या बाजारात येऊ न देण्याच्या प्रथेबद्दल भारतीय स्पर्धा आयोगाने २५ ऑगस्ट २०१४ रोजी मोटारी बनवणाऱ्या १४ कंपन्यांना एकूण २,५४४.६५ कोटी रुपयांचा दंड ठोठावला, आणि बाहेर दुरुस्ती करून घेतली एवढ्याच कारणावरून हमी रद्द करण्याची सरसकट अट घालू नये असेही फर्मावले. कंपन्यांनी त्याविरुद्ध वरच्या दारी दाद मागितली, आणि तो वाद कज्जेदलालीच्या वाटेने लांबत गेला. जुलै २०२२ मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने ‘दुरुस्तीचा हक्क’ या विषयावर समिती नेमली. शेतीची अवजारे, भ्रमणध्वनी, घरगुती उपकरणे आणि मोटारी ही तिची चार क्षेत्रे ठरली, आणि त्याच वर्षी २४ डिसेंबरला, राष्ट्रीय ग्राहकदिनी, कंपन्यांची दुरुस्तीविषयक माहिती एकत्र देणारे संकेतस्थळ सुरू झाले. ते आवश्यकच होते. पण सेवा केंद्राचा पत्ता देणे आणि कार्बनचा क्रमांक देणे यांत फार अंतर आहे. अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यात २०१२ साली मतदारांनी स्वतः कौल देऊन मोटारदुरुस्तीची माहिती स्वतंत्र मिस्त्रींना खुली करून घेतली. आपल्याकडे हे कायद्यानेच झाले पाहिजे. मोटारवाहन कायद्याचे ५२ वे कलम गाडीच्या मूळ रचनेत फेरफार करण्यास मनाई करते. झिजलेला भाग त्याच जातीच्या भागाने बदलणे हा फेरफार नव्हे, हेही येथे नमूद करतो, कारण त्या कलमाचे भय पुष्कळांना उगाच घातले जाते.

प्रत्येकाने प्रत्येक गाडीवर हा प्रयोग करावा असे मात्र मी म्हणणार नाही. हमीची मुदत शिल्लक असेल तर कंपनीकडूनच काम करून घ्यावे. ज्या गाडीत ऑल्टरनेटर इंजिनाच्या तळाशी असून गाडी उचलावी लागते, तेथे केवळ जॅकच्या भरवशावर किंवा विटांच्या थप्पीवर गाडी ठेवून खाली शिरणे म्हणजे प्राणाशी खेळ आहे. वीट भाराने फुटते. काही संकरित गाड्यांत पट्ट्यावरचे यंत्र जनित्राबरोबर स्टार्टरचेही काम करते, ते तज्ज्ञावर सोपवावे. आणि विजेवर चालणाऱ्या गाडीतल्या नारिंगी तारांना तर घरगुती पान्याने स्पर्शही करू नये.

माझी मागणी मर्यादित आहे. गाडीबरोबर जी पुस्तिका मिळते तीत आसनांची उंची व रेडिओची बटणे यांचे वर्णन पानेच्या पाने असते; तिच्याऐवजी दुरुस्तीची संपूर्ण पुस्तिका, महाराष्ट्रात विकल्या जाणाऱ्या प्रत्येक गाडीसोबत, मराठीत मिळावी. ऑल्टरनेटरचे कार्बन, बेअरिंग, आयसी आणि डायोड प्लेट हे चार भाग क्रमांक आणि छापील किमतीसह सुटे विकण्याचे बंधन कारखानदारावर असावे, आणि गाडीचे उत्पादन थांबल्यानंतरही ठराविक वर्षांपर्यंत ते बंधन टिकावे. आमच्या गाडीपुरता असा लेखी अर्ज मी त्याच कार्यशाळेत दिला आहे, भागांचे क्रमांक आणि दर मागितले आहेत, आणि तारखेच्या शिक्क्यासह त्याची स्थळप्रत जपून ठेवली आहे. पोच मिळाली आहे. उत्तर यायचे आहे.